राजाच्या ओठावरचं कुसळ

एका राज्यात राजवाडा राजाचा होता, बाजार व्यापाऱ्यांचा होता, शेतं कुळांची होती आणि देऊळ देवाचं होतं. पण त्या राज्यातली सगळ्यांत मोठी चीज मात्र कुणाचीच नव्हती. ती म्हणजे मोकळा माळ. उगवतीच्या टेकड्यांपासून मावळतीच्या नदीपर्यंत नुसतं गवत. त्या गवताला लांब बोचरी कुसळं असत. ती लुगड्यात शिरली की घरी येऊन घटकाभर वेचत बसावं लागे. माळावर कुणी कधी नांगर धरला नाही, कुंपण घातलं नाही, चूल मांडली नाही. गरिबाची शेळी तिथं चरे, वैदू तिथून मुळ्या नेई, आणि ज्यांच्या पाठीला खोगीर ठाऊक नाही असे रानघोडे तिथं राहत. माळ पावसाचं पाणी पिई आणि उरलेलं राज्यातल्या विहिरींना पाजी. हे सगळ्यांना माहीत होतं. जे सगळ्यांना माहीत असतं त्याची चौकशी कुणीच करत नाही, तशी याचीही कुणी करत नव्हतं.

माळाच्या कडेला, बाहेरच्या अंगाला, एका खोपटात साळूबाई राहायची. वयानं पन्नाशी ओलांडलेली, अंगानं काटकुळी, बोलायला कमी. तिच्या घराण्याकडे मीठ मांडायचा मान होता. दर पौर्णिमेला सकाळी तिनं खडेमिठाची परडी डोक्यावर घ्यायची, माळाच्या मधोमध एक चपटा काळा दगड होता त्यावर मीठ पसरायचं आणि चार पावलं मागं सरायचं. घोडे येत, चाटत आणि जात. त्यांना हात लावायचा नाही, नाव ठेवायचं नाही, आपलं म्हणायचं नाही. साळूबाईनं यातलं एक मोडलं होतं. कपाळावर पांढरा टिळा आणि चारही पाय पांढरे असलेली एक म्हातारी घोडी होती, तिला ती मनातल्या मनात पंचकल्याणी म्हणायची. मनातल्याला शिक्षा नाही, असं तिनं स्वतःला समजावलं होतं.

त्या घराण्याचा आणखी एक मान होता. नव्या राजाला अभिषेक झाला की राजानं अनवाणी माळावर यायचं, या घरच्या बाईनं माळावरून खुडून दिलेली कुसळी गवताची काडी दातांत धरायची आणि घोड्यांसमोर शपथ घ्यायची. इतर राजे हरल्यावर शत्रूपुढे दाती तृण धरतात; इथले राजे पहिल्याच दिवशी घोड्यांपुढे धरत, आणि त्यात कुणाला कमीपणा वाटत नसे.

आता त्या गादीवर इंद्रभान राजा होता. वय सतरा, मन चांगलं, कान हलके. एके दिवशी त्याच्या दरबारात ताम्रजिव्ह नावाचा मांत्रिक आला. तो बोलला की तोंडातून तांब्याच्या भांड्यासारखा आवाज निघे. त्यानं राजाला सांगितलं की माळाच्या पोटात यक्षांचं सोनं पुरलेलं आहे, आणि ते काढलं तर राज्यातल्या प्रत्येक घरात सोन्याचं कडं येईल. राजानं विचारलं, माळाचं काय? मांत्रिक म्हणाला, माळ पडीक आहे, आणि पडीक जमीन म्हणजे झोपलेली दौलत. राजानं विचारलं, घोड्यांचं काय?

"महाराज, घोड्यांनाही काम मिळेल."

राजाला हे उत्तर चांगलं वाटलं. त्यानं शिक्का उमटवला. सोनं कुणी आणि का पुरलं, आणि पुरणाऱ्यानं ते पुन्हा का उकरलं नाही, हे त्यानं विचारलं नाही. सतराव्या वर्षी विचारायचं सुचत नाही, आणि ज्यांना सुचायला हवं होतं ते दिवाणजी त्या वेळी कड्याच्या मापाचा विचार करत होते.

पुढच्या पौर्णिमेला साळूबाई परडी घेऊन माळावर गेली, तर वाटेत लोखंडाची खुंटी. पुरुषभर उंच, आणि तिला बांधलेला काळा दोर लांबवर गेलेला. अशा चार खुंट्या मांत्रिकानं माळाच्या चार अंगांना ठोकल्या होत्या आणि दोरानं माळ बांधून टाकला होता. आत चाळीस भट्ट्या धडधडत होत्या. घोडे कुठंही नव्हते. प्रत्येक भट्टीला एक चामडी भाता होता, एखादा बोरासारखा तांबूस, एखादा काळा, एखादा ठिपक्यांचा. मधल्या सगळ्यांत मोठ्या भट्टीच्या भात्यावर पांढरा टिळा होता. भाता फुगे आणि बसे, फुगे आणि बसे, आणि दर वेळी त्यातून एक बारीक आवाज येई. तो आवाज साळूबाई तीस वर्षं ऐकत आली होती.

तिनं परडी खाली ठेवली आणि ती रडली. रडून झाल्यावर तिनं परडी उचलली, कारण मीठ तसंच ठेवून जायची रीत नव्हती.

"रडून झालं असेल तर ऐक," कुणीतरी म्हणालं. खुंटीवर टिटवी बसली होती. टिटवी बोलते याचं त्या राज्यात नवल नव्हतं. टिटवी गप्प बसली असती तर नवल वाटलं असतं. तिची चार अंडी ज्या खळग्यात होती नेमकी तिथंच ही खुंटी बसली होती, त्यामुळे तिच्या तोंडाला जरा जास्तच धार आली होती. तिनं सांगितलं की घोड्याचा भाता झाला तरी जीव आत असतो, पण कातडं तीन पौर्णिमाच टिकतं. ही एक सरली. तिसरीचा सूर्य मावळला की शिवणी उसवतील आणि आतला श्वास निघून जाईल, मग ब्रह्मदेव आला तरी घोडा परत उभा राहायचा नाही.

साळूबाई तशीच दरबारात गेली. तिथवर जाईतो तिला कळलं की राज्यात घरोघरी सोन्याची कडी पोचली आहेत, आणि ज्या घरात कडं आलं त्या घरातला रांजण भरला की रिकामा होतो. यक्षांच्या सोन्यालाच तो शाप होता. ते तहानलेलं सोनं होतं. बायका कडं हातात घालून मिरवत होत्या आणि घागर घेऊन तीन कोस जात होत्या. कडं काढून टाकावं असं कुणाला वाटेना. सोनं हातात आलं की पाणी नशिबावर ढकलता येतं.

राजानं तिचं सगळं ऐकून घेतलं. पण शिक्का उमटला होता, आणि त्या राज्यात शिक्क्याविरुद्ध बोलणाऱ्याला समोरचा तीन मागण्या घालू शके. पुऱ्या केल्या तर शिक्का फिरे, नाही तर नाही. ताम्रजिव्ह हसला आणि म्हणाला, "बाई, जी जमीन कुणाची नाही ती घेईल त्याची. हिचं कुणी असेल तर मला तीन गोष्टी दाखव. माळाची हद्द दाखव. माळाचा साक्षीदार दाखव. आणि माळाची शपथ दाखव."

पहिल्या दोन्हींना साळूबाईनं मान डोलावली. तिसरीला मात्र तिची मान हलली नाही. दरबाराला वाटलं, बाई वयस्कर आहे, चालून दमली असेल.

माळाची हद्द कुणी कधी आखलेली नव्हती. साळूबाई जिथं खुणेचा दगड ठेवी तिथं मांत्रिकाचा काळा दोर सरपटत येई आणि दगड गिळून टाकी. असे नऊ दगड गेले. दहाव्या दगडाला टिटवी म्हणाली, "माणसाच्या खुणा माणूस पुसतो. ज्यांचा माळ आहे त्यांना विचार." घोडे तर भात्यांत होते, त्यांना विचारायचं कसं? साळूबाईनं खूप विचार केला, मग परडीतलं चिमूटभर मीठ जमिनीवर टाकलं. काही झालं नाही. दोन पावलं सरकून पुन्हा टाकलं. तिथं मिठाचा खडा विरघळला आणि त्याजागी बोटाएवढं पांढरं फूल उमललं. तिथून कधीकाळी घोडे गेले होते, आणि जमिनीला खूर लक्षात होते.

मग ती चिमूटचिमूट मीठ टाकत चालू लागली. जिथं फूल येई तो माळ, जिथं मीठ तसंच राही ती बाहेरची जमीन. वीस दिवस ती चालली. पाय फुटले, मीठ त्या चिरांत गेलं, ती चालली. टिटवी पुढं उडे आणि मागं वळून हळू चालल्याबद्दल बोलणी ऐकवी. दोर फुलांपाशी आला, पण फुलं त्याला गिळता येईनात. सजीवाची हद्द त्याच्या घशाखाली उतरत नव्हती.

एकविसाव्या दिवशी राजा सज्जावर आला आणि पाहतो तो क्षितिजापासून क्षितिजापर्यंत पांढऱ्या फुलांची रेघ. ती मांत्रिकाच्या खुंट्यांपलीकडून गेली होती. टेकड्यांवरून गेली होती. साळूबाईच्या खोपटाच्या अंगणापासून हातभर अंतर राखून गेली होती. आणि राजवाड्याच्या पुढच्या चौकातून गेली होती, थेट दिवाणजींच्या गाद्यागिरद्यांखालून. राजाच्या पणजोबांनी चौक वाढवताना माळाची थोडी जमीन उचलली होती, ते असं उघडं पडलं. दिवाणजींनी गादी मुकाट्यानं दुसऱ्या दालनात हलवली.

"हद्द दिसली," ताम्रजिव्ह म्हणाला. "साक्षीदार आण."

साक्षीदार असा हवा होता की ज्यानं माळ मोकळा सोडताना स्वतः पाहिलं. त्याला किती पिढ्या लोटल्या हे पुरोहितालाही सांगता येईना. टिटवी म्हणाली की असा एकच आहे, ज्याच्या अंगावर पहिल्या घोड्याची जीभ फिरली तो मिठाचा दगड. मांत्रिकालाही हे ठाऊक होतं. म्हणून तर त्यानं सगळ्यांत मोठी भट्टी नेमकी त्या दगडावर बांधली होती.

साळूबाई भट्टीपाशी गेली तेव्हा भर दुपार होती. भात्याचा दांडा ओढायला तिच्याच वस्तीतला कुंभार होता. विहीर आटल्यापासून त्याची माती भिजत नव्हती, म्हणून तो इथं कामाला लागला होता. त्यानं तिला पाहिलं आणि मान खाली घातली. तिनं त्याला दोष दिला नाही. पोटापुढं कुणाचं चालतं? तिनं त्याच्याकडे एवढंच मागितलं की त्यानं घटकाभर काही पाहू नये. कुंभार म्हणाला की धुरानं त्याचे डोळे असेही चुरचुरतच आहेत, आणि त्यानं डोळ्यांवर उपरणं घेतलं.

मग ती भात्याच्या तोंडाशी बसली. तिथं तिनं मिठाचा खडा धरला आणि पहिल्यांदाच आतल्या घोडीला मोठ्यानं नावानं हाक मारली.

"पंचकल्याणी, घटकाभर श्वास धर."

भाता फुगला आणि फुगलेलाच राहिला. वारा थांबला तशी भट्टी निवू लागली, लाल विस्तव तपकिरी झाला, मग राखाडी. साळूबाईनं दोन्ही हातांनी राख उपसली. हात भाजले. तिला दगड सापडला, ती तो ओढू लागली, आणि अर्धा बाहेर आला तेव्हा पाठीमागे टरकन आवाज झाला. धरलेल्या श्वासानं भात्याची एक शीवण उसवली होती. साळूबाईनं पदराचा काठ फाडून त्या फटीत कोंबला, दगड पाठीवर घेतला आणि निघाली. मागं पुन्हा फुगणं आणि बसणं सुरू झालं, पण आता त्यात फसफस होती. तिसऱ्या पौर्णिमेला तीन दिवस उरले होते.

दरबारात तिनं दगडावर मीठ पसरलं, वर पाणी शिंपडलं, आणि दगड बोलला. त्याचा आवाज जाड आणि सावकाश होता. त्यानं सांगितलं की या घराण्याचा पहिला राजा राजा नव्हता. तो लढाईतून पळालेला, जखमी, तहानेनं मरायला टेकलेला माणूस होता. घोड्यांनी त्याला झऱ्यापाशी नेलं. सात दिवस त्यानं त्यांच्यातच राहून त्यांचं गवत खाल्लं. बरा होऊन निघताना त्यानं गवताची काडी दातांत धरली आणि म्हटलं: हा माळ माझा नाही, कुणाचाच नाही, म्हणून सगळ्यांचा आहे. माझ्या गादीवर बसेल तो हेच म्हणेल, याच गवताला तोंड लावून. जोवर म्हणेल तोवर इथं कुणाची खुंटी रुतणार नाही.

"जगात चाकर धन्याच्या मिठाला जागतो," दगड म्हणाला, "इथं धन्यानं गवताला जागायचं आहे." एवढं बोलून तो पुन्हा नुसता दगड झाला.

दरबार गहिवरला. राजा आसनावरून उठून उभा राहिला होता आणि हे त्याच्या लक्षातही आलं नव्हतं. ताम्रजिव्ह मात्र शांत होता. "साक्ष ऐकली," तो म्हणाला. "परवा पौर्णिमा. परवा शपथ दाखव."

सगळ्यांना वाटलं की बाई जिंकली. शपथ दाखवण्यात काय अवघड होतं? राजा पाच वर्षांचा असताना त्याला अभिषेक झाला, तेव्हा त्यानं दातांत काडी धरलेली हजारो लोकांनी पाहिली होती. ती काडी चांदीच्या डबीत घालून कोषागारात जपून ठेवली होती. डबी उघडायची की झालं.

साळूबाई मात्र घरी येऊन अंगणात मटकन बसली. अंगणात हरळी होती, मऊ, हिरवी. ती त्या हरळीवरून हात फिरवत राहिली. टिटवी कुडाच्या मेढीवर येऊन बसली. मग म्हणाली, "दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ दाखवायला निघालीस, साळू. आपल्या डोळ्यातल्या मुसळाचं काय करणार आहेस?"

"तुला ठाऊक आहे?"

"मी तेव्हा इथंच होते. तू काडी माळावरून नाही, इथून खुडलीस."

ते खरं होतं. बारा वर्षांपूर्वी अभिषेकाच्या दिवशी ऊन फार होतं आणि राजा फार लहान होता. बाप गेलेलं पोर, डोक्यावर त्याच्या मापाचा नसलेला मुकुट, तोंड कोमेजलेलं. साळूबाई माळावर काडी खुडायला वाकली आणि तिच्या मनात आलं की ही कुसळं लेकराच्या ओठात घुसतील. मोठ्या माणसाच्या बोटात घुसलं तरी डोळ्याला पाणी येतं. तिला मूलबाळ नव्हतं. तिनं इकडेतिकडे पाहिलं, अंगणात परतली, हरळीची एक मऊ काडी खुडली आणि तीच ताटात ठेवून दिली. गवत ते गवत, असं तिनं तेव्हा मनाला सांगितलं. राजानं ती दातांत धरून हसून शपथ म्हटली. त्या दिवसापासून माळ उघडा पडला होता, आणि बारा वर्षांनी मांत्रिकाची खुंटी त्यात लोण्यात सुरी जावी तशी गेली होती.

या चुकीला दंड काय, हेही तिला ठाऊक होतं. राजाच्या शपथेत खोट करणाऱ्यानं जन्मभर माळावर पाऊल ठेवायचं नाही. दुसऱ्या कुणाला तो दंड हलका वाटला असता.

पौर्णिमेला दुपारी डबी उघडली. वाळलेली काडी मखमलीवर ठेवली. दिवाणजींनी पाहिली, पुरोहितानं पाहिली, राजानं पाहिली. वाळल्यावर सगळं गवत सारखंच दिसतं. राजा आनंदानं म्हणाला की तिन्ही गोष्टी दाखवून झाल्या, शिक्का फिरला, मांत्रिकानं खुंट्या उपटाव्यात. ताम्रजिव्हानं हात जोडले.

"महाराज, माझी ना नाही. उपटून घ्या."

माणसं धावली. चारही खुंट्यांना हत्ती जुंपले. खुंट्या जागच्या हलल्या नाहीत. दुपार उतरू लागली. ताम्रजिव्ह साळूबाईजवळून जाताना हळूच म्हणाला की तिनं दावा जिंकला आहे, राजा तिला वस्त्रं देईल, मीठ मांडायचा मान तिच्याकडेच राहील; गप्प राहायला काय हरकत आहे? घोडे तर सूर्यास्तापर्यंतचेच, मग नुसता मानच उरणार. तो मान तरी कशाला घालवायचा?

आणि हे सांगायला मन धजत नाही, पण सांगायला हवं: साळूबाई क्षणभर गप्प राहिली. तिला परडी दिसली, पहाटेची पायवाट दिसली, दवानं भिजलेलं गवत दिसलं, आणि यातलं काही पुन्हा आपलं नसणार हेही दिसलं. मग तिला फसफसणारा श्वास आठवला. तिच्या एका शब्दावर ती घोडी शीवण उसवेतो श्वास धरून उभी राहिली होती.

ती राजापुढं जाऊन उभी राहिली. "महाराज, ही काडी माळाची नाही. माझ्या अंगणातली हरळी आहे. तुमची शपथ झालेलीच नाही, आणि ती चूक माझी आहे."

राजानं विचारलं, का?

"तुम्ही पाच वर्षांचे होतात. मला वाटलं, टोचेल."

राजा तिच्याकडे पाहत राहिला. बारा वर्षांत त्याला कुणी काही टोचू दिलं नव्हतं. ना ऊन, ना भूक, ना खरी गोष्ट. सगळे त्याच्यासाठी हरळीच खुडून आणत होते, ताम्रजिव्हानंही तेच केलं होतं. हे त्याला त्या क्षणी कळलं. त्यानं पायांतल्या मोजड्या काढल्या.

"मग आता टोचू दे," तो म्हणाला. "काडी खुडायला चल."

दिवाणजींनी आठवण केली की दंडाप्रमाणे बाईला माळावर जाता येत नाही. राजानं सांगितलं, आधी शपथ, मग दंड. आणि तो निघाला, अनवाणी, तापलेल्या वाटेनं, मागं सगळं राज्य. हातात कडी घातलेल्या बायका होत्या, रिकाम्या घागरी होत्या, भट्ट्यांवरचे कामकरी होते. ताम्रजिव्हानं वाटेत तीन आडकाठ्या घातल्या. धूर सोडला, तर टिटवी ओरडत पुढं उडाली आणि राजा तिच्या आवाजामागं चालला. दोर आडवा टाकला, तर कुंभारानं तो दोन्ही हातांनी वर उचलून धरला, हात भाजेपर्यंत. शेवटी मांत्रिकानं राजापुढं सोन्याचा रस्ता अंथरला, थंड, गुळगुळीत, पायांना सुखाचा. राजा त्याच्या कडेकडेनं काट्यांतून चालला. तिथं लोकांनी त्याला पहिल्यांदा राजा म्हणून पाहिलं.

मोठ्या भट्टीपाशी पोचले तेव्हा सूर्य नदीला टेकला होता. पदराचा काठ कोंबलेली शीवण हातभर उसवली होती, भाता आता जेमतेम हलत होता. साळूबाई वाकली, तिनं कुसळांनी भरलेली एक काडी खुडली आणि राजाला दिली. राजानं काडी दातांत धरली. कुसळं त्याच्या ओठांत घुसली, रक्त हनुवटीवर आलं, डोळ्यांत पाणी आलं. तसाच तो म्हणाला:

"हा माळ माझा नाही. कुणाचाच नाही. म्हणून सगळ्यांचा आहे."

चारही खुंट्या जमिनीतून उडाल्या. काळा दोर सळसळत परत आला आणि आपल्या धन्याभोवती गुंडाळला गेला, एकदा, दोनदा, तीनदा. आणि ताम्रजिव्ह होता तिथं एक ठेंगणी लोखंडी खुंटी उरली. भट्ट्या ढासळल्या. घराघरांतली सोन्याची कडी मातीची झाली, आणि दुसऱ्या दिवशी त्या मातीतून गवत उगवलं. रांजण भरले ते भरलेले राहिले. चाळीस भाते थरथरले, फुगले, आणि त्यांना पाय फुटले, माना फुटल्या, आयाळ फुटली. पंचकल्याणी सगळ्यांत शेवटी उभी राहिली. तिच्या कुशीवर शिवणीचा लांब व्रण होता, आणि त्यात लुगड्याचा काठ अडकलेला होता. तिनं एक दीर्घ श्वास घेतला, स्वतःसाठी, आणि कळपामागं निघून गेली.

राजानं साळूबाईकडे पाहिलं. त्याला दंड माफ करायचा होता, हे कुणालाही दिसत होतं.

"करू नका," ती म्हणाली. "आजची शपथ आजच सैल कराल."

म्हणून दंड झाला. साळूबाई फुलांच्या रेघेबाहेर आली आणि पुन्हा तिनं माळावर पाऊल ठेवलं नाही. मीठ मांडायचा मान कुणाला द्यायचा हे ठरेपर्यंत राजानं स्वतः मीठ मांडायचं असं ठरलं. ते अजून ठरलेलं नाही. पुढं त्या गादीवर जो जो आला त्याच्या ओठावर बारीक व्रण असे, आणि व्रण नसलेल्याला त्या राज्यात कुणी राजा म्हणत नसे. ठेंगणी खुंटी राजानं गावाला देऊन टाकली. तिला आता शेळ्या बांधतात.

पुढची पौर्णिमा आली. साळूबाई सवयीनं लवकर उठली, आणि आपल्याला कुठं जायचं नाही हे आठवून उंबऱ्यावर बसली. हात रिकामे होते, काय करावं ते त्यांना कळेना. लांबवर राजा परडी घेऊन चालताना दिसला, घोडे जागेवर परत ठेवलेल्या दगडाभोवती जमलेले दिसले. मग कळपातून एक घोडी वेगळी झाली आणि खोपटाकडे चालत आली. फुलांच्या रेघेपाशी ती थांबली, रेघ ओलांडली आणि अंगणात येऊन उभी राहिली. तिनं मान खाली घातली आणि साळूबाईच्या पायांशी असलेली मऊ हरळी खाऊ लागली.

साळूबाईनं तिला हात लावला नाही. टिटवी मेढीवर बसून होती, तीसुद्धा गप्प राहिली.

बाईनं माळावर पाऊल ठेवू नये, असा दंड होता. घोडीनं अंगणात ठेवू नये, असं दिवाणजींच्या पोथीत कुठंच नव्हतं.

ऐकणाऱ्याच्या विहिरीला पाणी राहो, सांगणाऱ्याच्या जिभेवर मीठ राहो, आणि माळ कुणाचाच न राहो.